तुटफुटीच्या वहीतली पंचफुलामावशी

हे कुणी वाचलंच, तर आधी माफी मागते. माझं अक्षर गिचमिड आहे, ऱ्हस्व-दीर्घ कधी जमलं नाही, आणि पेन धरायची सवय गेल्यामुळे ओळ उजवीकडे जाता जाता खाली घसरते. मी चौथी पास. पाचवीला नाव घातलं होतं, पण धाकट्या भावाला सांभाळायला घरी कुणी नव्हतं, म्हणून नाव शाळेत राहिलं आणि मी घरी. ही वही लेकीच्या अकरावीची आहे. मागची पानं कोरी होती, तिला नकोत. ती कॉलेजला गेली की दुपारी थोडं थोडं लिहिते आणि तांदळाच्या डब्यामागे ठेवून देते.

लिहायचं कारण पंचफुलामावशी. ती गावाला गेली त्याला दोन महिने झाले. मी तिच्याबद्दल बोलायला लागले की समोरच्याला वाटतं, कुणी वारलेल्या बाईची आठवण काढतेय. तसं काही नाही. ती चांगली धडधाकट आहे. परवाच तिनं मला फोनवर दहा मिनिटं झापलं.

ती वाशिमकडची. मुलाच्या नोकरीपायी पुण्यात आली, मुलगा नोकरी सोडून गावाला परत गेला आणि तिथं दुकान टाकलं, पण ही इथंच राहिली. बिबवेवाडीत आमच्या चाळवजा इमारतीत माझ्या शेजारची खोली तिची. मी राहायला गेले त्याच्या तिसऱ्या दिवशी तिनं दार वाजवलं.

"काय वं, काम शोधून राहिली का?"

मला अनोळखी माणसाशी बोलता येत नाही. वाण्यानं सुट्टे कमी दिले तरी मी मुकाट घरी येते. मी नुसती मान हलवली.

"मी तीन दिवस आयकून राहिली," ती म्हणाली. "तुह्या भांड्यायचा आवाज. एवढ्या जोरानं पातेलं घासणारीच्या हातात दम हाये. उद्या सात वाजता खाली ये, टेम्पो येते."

अशी माझी मुलाखत झाली आणि अशीच नोकरी लागली. बाकीच्या नऊ जणीसुद्धा तिनं अशाच गोळा केल्या होत्या. एकीला नळावर दोन हंडे एकदम उचलताना पाहून, एकीला नवऱ्याला ढकलताना पाहून.

काम होतं लोणी काळभोरच्या अलीकडे, सोलापूर रस्त्याला लागून असलेल्या एका गोडाऊनमध्ये. लोणची, मुरांबे, मसाले असा बरण्यांचा माल. गोडाऊनच्या तोंडाशी ट्रकच्या उंचीचा सिमेंटचा ओटा आहे, त्याला सगळे डॉक म्हणतात. ट्रक मागे मागे येत ओट्याला टेकला की आम्ही अकरा बायका खोके ट्रकच्या आत लावायचो. मालकांना पुरुष हमाल नको होते. त्यांचं म्हणणं, "पुरुष खोका टाकतात. बायका ठेवतात." मजुरी दिवसाला साडेचारशे. आम्हाला कामावर घेतलं होतं बबलू नावाच्या ठेकेदारानं. मालक बबलूला पैसे देणार, बबलू आम्हाला देणार, आणि पंचफुलामावशी आमची मुकादम.

मावशीचं बोलणं पुण्याच्या कानाला नवीन होतं. तिकडच्या बायका स्वतःबद्दल "मी जातो, मी येतो" असंच म्हणतात. पहिल्या दिवशी ती मालकांना म्हणाली, "मी येतो वो साहेब," तेव्हा मालकांनी चष्म्यावरून तिच्याकडे बघितलं आणि म्हणाले, "या हो, बुवा."

मालकांचं नाव अविनाशराव. ऑफिस नारायण पेठेत, पण अकराच्या ठोक्याला गोडाऊनवर हजर. शर्टाच्या खिशात दोन पेनं, एक निळं आणि एक लाल. आवाज कधी चढवायचे नाहीत. ट्रक लावायला उशीर झाला तर म्हणायचे, "सावकाश होऊ द्या. लोणचं आहे, मुरेल." त्यांना एकच गोष्ट सहन व्हायची नाही, चुकीचं बोललेलं. ड्रायव्हर म्हणाला, "पाच मिनिटांत आलो," तर हे घड्याळ बघत उभे राहायचे आणि तो आला की सांगायचे, "बावीस." कुणी म्हटलं शंभरेक खोके आहेत, तर स्वतः मोजून येऊन सांगायचे, "सत्त्याण्णव. शंभर कुठून आणलेत?"

आणि समोर पंचफुलामावशी, जिचं आयुष्य अंदाजावर चाललेलं. पण तिचा अंदाज भयंकर होता. खोका उचलला की वजन सांगायची. मालकांनी नवीन इलेक्ट्रॉनिक काटा आणला तेव्हाची गोष्ट. पहिला खोका काट्यावर ठेवला, काट्यानं दाखवलं बारा किलो चारशे. मावशीनं खोका उचलला, खाली ठेवला आणि म्हणाली, "असं कसं होते बाप्पा? हे तं अकरा हाये."

"बाई," मालक म्हणाले, "हा काटा चौदा हजारांचा आहे."

"माहा हात फुकटचा हाये, म्हणून तो खोटा काय?"

मालक हसले नाहीत. आत जाऊन जुनी लोखंडी वजनं घेऊन आले, एकेक काट्यावर ठेवलं. काटा एक किलो चारशे ग्रॅम जास्त दाखवत होता. दुसरा माणूस असता तर विषय बदलला असता. अविनाशरावांनी सगळ्यांसमोर सांगितलं, "बाईंचं बरोबर आहे. काटा चुकला." दुरुस्तीवाला येऊन गेला, तरी त्या दिवसापासून सकाळचा पहिला खोका ते मावशीच्या हातात द्यायचे, ती आकडा सांगायची, आणि मग काटा चालू व्हायचा.

"असं कसं होते बाप्पा?" हे तिचं सगळ्या अडचणींवरचं एकच वाक्य. ट्रक फसला, वीज गेली, टेम्पो आला नाही, भाजीला मीठ कमी पडलं, सगळ्याला तेच. ती ते रागानं म्हणायची नाही. खरोखर उत्तर पाहिजे असल्यासारखं विचारायची आणि समोरच्याच्या तोंडाकडे बघत बसायची. उत्तर मिळेपर्यंत हलायची नाही. आणि कुणाशीही बोलणं काढण्याआधी "जेवले काय?" विचारायचं. वाहतूक पोलिसानं टेम्पो अडवला तरी आधी, "जेवले काय साहेब?" तो बिचारा म्हणाला, "नाही अजून." पावती राहिली बाजूला, मावशीनं त्याला ठेचा आणि अर्धी भाकरी खायला घातली. पुढे तो आमचा टेम्पो दिसला की तोंड फिरवायचा. ठेचा तिखट होता.

आता खुणांचं सांगते, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे.

बरण्या काचेच्या. खोका नीट लावला नाही की दुकानात पोचेपर्यंत एखादी फुटायची आणि तेल गळालेला खोका परत यायचा. कुणी लावला होता ते कळावं म्हणून मालकांनी नियम केला. प्रत्येकीनं आपण लावलेल्या खोक्याच्या बुडाला मार्करनं आपली खूण करायची. फुटकी बरणी परत आली की मालक खोका उलटा करून खूण बघायचे आणि त्यांच्या तुटफुटीच्या वहीत लाल पेनानं लिहायचे. बरणीला साठ रुपये कापले. महिन्याच्या शेवटी बबलूच्या बिलातून तेवढे वजा, म्हणजे आमच्याच मजुरीतून.

एकीनं शिडी काढली, एकीनं छत्री, एकीनं मासा. मावशीला आम्ही म्हटलं, तुझं नावच पंचफुला, तू फूल काढ. तिनं दोन खोक्यांवर काढलं आणि सोडून दिलं. "पाकळ्या काढता काढता ट्रक निघून जाईन," म्हणाली आणि एक मोठा गोल काढला. "हे काय?" मालकांनी विचारलं. "भाकर," ती म्हणाली. त्या वहीत ती शेवटपर्यंत भाकरीच राहिली. मला काही काढायची लाज वाटली, म्हणून मी नुसतं एक टिंब दिलं.

सगळ्यात जास्त तुटफूट भाकरीची. उचलताना तिचं तोंड चालायचं, हातवारे व्हायचे, आणि खोक्याला हात कमी पडायचे. मालक वही उघडून वाचायचे, "भाकरी. आंबा, दोन बरण्या. मिरची, एक." मावशी म्हणायची, "मिरचीची मी नाही मानत. मिरचीचा खोका मी डोळ्यात तेल घालून लावला होता." मालक म्हणायचे, "तेच तेल बाहेर आलंय."

माझ्या हातून सव्वा वर्षात एकही बरणी फुटली नाही. याचा मला मनातल्या मनात फार अभिमान होता. मावशी मला म्हणायची, "एखादी फोडत जाय वं. मालकाले वाटन, टिंबवाली कामाले येतच नाही."

बबलूनं पहिले काही महिने पैसे वेळेवर दिले. मग एकदा म्हणाला, बँकेचं सर्व्हर डाउन आहे. मग म्हणाला, पार्टीनं पेमेंट अडवलंय. मग त्याच्या आत्याचं ऑपरेशन निघालं. असे तीन महिने गेले आणि एका सोमवारी टेम्पो आला नाही. बबलूचा फोन बंद. आमची हजेरी तो त्याच्या मोबाइलमध्ये घ्यायचा, म्हणजे हजेरीही त्याच्याबरोबर गेली. माझे शहात्तर दिवस होते. चौतीस हजार दोनशे रुपये. दोन महिन्यांचं खोलीभाडं थकलेलं आणि घरमालकीण रोज जिन्यात भेटून माझ्या तब्येतीची चौकशी करायला लागली होती.

आम्ही दहा जणी मावशीच्या खोलीत जमलो. कुणी रडत होती, कुणी बबलूच्या आईचा उद्धार करत होती. मावशी चटणी वाटत होती. वाटून झाली तेव्हा म्हणाली, "तुमाले कामावर कोणं आणलं? म्या आणलं. मंग तुमचे पैसे निघेपर्यंत मी गावाले जात नाही. सून बाळंत होवो की काही होवो."

सुनेला नववा लागला होता. मावशीची पिशवी भरून दाराशी ठेवलेली होती, नातवासाठी शिवलेल्या दुपट्यांसकट. ती तशीच राहिली.

बबलूच्या आईचा उद्धार ऐकून मावशीला कल्पना सुचली की तिच्याकडेच जावं. ती बिबवेवाडीतच वरच्या अंगाला राहायची. मावशी, मी आणि शिडीवाली कमल अशा तिघी गेलो. मावशी वाटेत म्हणत होती, आज मी त्या म्हातारीचा पदरच धरतो. म्हातारीनं दार उघडलं. मावशीनं सवयीनं विचारलं, "जेवले काय?" म्हातारीला रडू फुटलं. बबलू तिलाही न सांगता गेला होता आणि जाताना गॅसचं सिलिंडर घेऊन गेला होता. अर्ध्या तासानं मी बघते तर मावशी तिची मेथी निवडत बसलेली, कमल चूल मांडायला विटा शोधतेय, आणि मी पीठ मळतेय. निघताना मावशीनं तिच्या हातावर पन्नास रुपये ठेवले. वसुलीला गेलो होतो, पन्नास रुपये देऊन आलो.

मग नारायण पेठ. अविनाशरावांचं ऑफिस पहिल्या मजल्यावर, जिना अरुंद. अकरा जणी एकामागं एक जिन्यात उभ्या, मावशी वर दारात आणि मी सगळ्यात खाली रस्त्यावर एक पाय ठेवून. तरी सगळं ऐकू येत होतं.

"जेवले काय साहेब?"

"सकाळचे दहा वाजलेत. मी जेवणार साडेबाराला. बोला."

मावशीनं सगळं सांगितलं. मालकांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, "मी ठेकेदाराला तिन्ही महिन्यांचे पूर्ण पैसे दिलेत. पावत्या आहेत. तुम्ही त्याच्या कामगार. मी तुम्हाला ओळखत नाही."

"असं कसं होते बाप्पा? रोज सकायी माह्याच हातानं खोका तोलून राहिले ना तुमी?"

"तोंडानं ओळखतो, बाई. कायद्यानं ओळखत नाही."

मावशी मागे वळून आम्हाला म्हणाली, "ऐकलं काय? कायद्याची ओळख पायजेन." आणि जिना उतरायला लागली, त्यामुळे आम्हा सगळ्यांनाच उलटं उतरावं लागलं.

मावशी दर पौर्णिमेला विहारात जायची. तिथल्या महिला मंडळातल्या एक बाई बँकेत होत्या. त्यांनी अर्ज लिहून दिला आणि सांगितलं की ठेकेदार पळाला तर पैसे द्यायची जबाबदारी मूळ मालकाची असते, तसा कायदाच आहे, कामगार ऑफिसला जा. आम्ही गेलो. तिथल्या अधिकारी मॅडम तरुण होत्या, माझ्या लेकीपेक्षा फार तर दहा वर्षांनी मोठ्या. मावशीनं विचारलं, "जेवल्या काय मॅडम?" मॅडमनी आधी इकडे-तिकडे बघितलं, मग हळूच म्हणाल्या, "डबा विसरले आज." अर्ज वाचायच्या आधी त्यांच्यासमोर भाकरी आणि वांग्याची भाजी आली. शिपाई दारातून बघत राहिला.

अर्ज वाचून मॅडम म्हणाल्या, "कायदा तुमच्या बाजूचा आहे. पण तुम्ही त्या गोडाऊनमध्ये काम करत होता, हे दाखवायला लागेल. हजेरीपट, ओळखपत्र, काहीतरी कागद?"

"कागद ठेकेदारापाशी."

"आणि मालकांकडे?"

मावशीनं भाकरीचं फडकं घडी करून पिशवीत टाकलं. मग म्हणाली, "मालकाची एक तुटफुटीची वही हाये. मालक लय पक्का माणूस हाये मॅडम. तो वहीत खोटं लिहीत नाही. तुमी त्याले वही घेऊन बोलवा, तो म्हणन ते आमाले मान्य."

हे ती ठरवून बोलली की सहज, ते मला अजून कळलेलं नाही. विचारलं तर म्हणते, "मले काय मालूम?"

तारीख पडेपर्यंत पाच आठवडे गेले. त्यात मावशीला नातू झाला. तिनं तो फोनवर पाहिला. चित्र सारखं अडकत होतं, कधी नुसता पाय दिसायचा, कधी नुसतं छत. मावशी फोन हातात तोलून बघत म्हणाली, "साडेतीन किलोचा असन." सून तिकडून म्हणाली, तीन किलो चारशे. मावशी म्हणाली, "दवाखान्याचा काटा तपासा." मग फोन ठेवला आणि बराच वेळ दाराजवळच्या त्या पिशवीतली दुपटी काढून पुन्हा घड्या घालत बसली. आम्ही तिला म्हटलं, मावशी, तू जाऊन ये, तारखेला परत ये. ती म्हणाली, "मी गेलो की तुमी साऱ्या जिन्यातच उभ्या राहाल." आणि ते खरं होतं. मी तर नक्कीच.

तारखेला अविनाशराव आले, बरोबर हिशेब बघणारा पुतण्या आणि हातात वही. वही बघून मावशी ओळखीचं माणूस भेटल्यासारखी हसली. मालकांनी ती मॅडमसमोर उघडली आणि म्हणाले, "मी एक पैसा बुडवलेला नाही. बिल बघा, ठेकेदाराला दिलेली रक्कम बघा. तुटफूट वजा केली आहे तीसुद्धा बरणीगणिक." आणि बोट ठेवून वाचायला लागले. "भाकरी, आंबा, दोन. छत्री, लिंबू, एक. मासा, मुरांबा, एक. भाकरी, मिरची, एक."

"मिरचीची मी नाही मानत," मावशी म्हणाली.

"थांबा," मॅडम म्हणाल्या. "भाकरी कोण?"

मालकांनी पेनानं मावशीकडे दाखवलं. "ह्या."

"छत्री?"

"त्या, निळ्या साडीतल्या."

मॅडमनी मग एकेकीला कोऱ्या कागदावर आपापली खूण काढायला लावली. शिडी, मासा, छत्री, भाकरी, वहीत लिहिल्याप्रमाणेच, आणि शेवटी माझं टिंब. मॅडम म्हणाल्या, "ज्यांना तुम्ही ओळखत नाही, त्यांची मजुरी नावानिशी, म्हणजे खुणेनिशी कापली आहे तुम्ही. जो कापतो त्यानं द्यायचं, एवढं साधं आहे हे." पुतण्यानं वही मिटायला घेतली, पण उशीर झाला होता.

मॅडमनी मोजलं. "अर्जदार अकरा. वहीत खुणा दहा. एक कुठंय? टिंब?"

सव्वा वर्षाची वही, आणि तिच्यात माझं एक टिंब नव्हतं. फोडलीच नाही तर येणार कुठून? इतके दिवस ज्याचा अभिमान वाटत होता, तेच आता गळ्याशी आलं. पुतण्याला तेवढंच पाहिजे होतं. तो म्हणाला, "मॅडम, ह्या बाई कधी कामालाच नसणार. अर्जात नाव घुसवलंय."

मला म्हणायचं होतं की मी होते, शहात्तर दिवस होते. पण मी पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिले. घरमालकीण डोळ्यासमोर आली.

मावशी उठून उभी राहिली. "मॅडम, मी खरं सांगतो. ही टिंबवालीच सगळ्यात जास्त फोडे. रोज फोडे! हिच्या खोक्यातलं तेल सोलापूर रोडभर सांडे. ठेकेदारानं लपवून ठेवलं, म्हणून वहीत नाही."

मी मावशीकडे बघतच राहिले. पण मावशी माझ्याकडे बघत नव्हती. ती अविनाशरावांकडे बघत होती.

अविनाशराव खुर्चीतून अर्धे उठले होते. त्यांचा आवाज मी तेव्हा पहिल्यांदा चढलेला ऐकला. "साफ खोटं! ह्या बाईंनी सव्वा वर्षात एकही बरणी फोडलेली नाही. एकही नाही! कोपऱ्यापासून लावत येतात, मध्ये पुठ्ठा घालतात, वरचा खोका खालच्याच्या सांध्यावर ठेवतात. मी स्वतः उभा राहून रोज बघितलंय!"

पुतण्यानं कपाळाला हात लावला.

मॅडमनी पेन उचललं. "म्हणजे आपण यांना रोज काम करताना बघत होता."

अविनाशरावांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. काय होऊन बसलं ते त्यांना कळलं होतं. तरी ते म्हणाले, "रोज नाही. रविवार सोडून."

मॅडमनी तेही लिहून घेतलं.

मग मालकांनी एकदाच तक्रार केली, आणि ती मला आजही अगदीच चुकीची वाटत नाही. म्हणाले, "मी हे पैसे एकदा ठेकेदाराला दिलेत. आता पुन्हा द्यायचे? एकच बिल दोनदा?"

मॅडम म्हणाल्या, "तुमचे तुम्ही ठेकेदाराकडून वसूल करा. कायद्यानं तुम्हाला तो हक्क आहे."

मावशी म्हणाली, "साहेब, तुमी दोनदा देऊन राहिले, हे खरं हाये. पण आमाले एकदाही भेटले नाही. तुमीच सांगा, यातलं चूक कोणतं?"

अविनाशरावांनी हातातलं पेन खिशात ठेवलं. मग म्हणाले, "दोन्ही."

बाहेर आल्यावर मला रडू यायला लागलं. "मावशी, मी फोडायची? सोलापूर रोडभर?"

"तुले किती डाव सांगतलं, एखादी फोड. ऐकलं नाही, मंग मले खोटं बोला लागलं," ती म्हणाली आणि उसाच्या रसाच्या गाड्याकडे चालायला लागली. रसाचे पैसे कमलनं दिले. मावशीकडे रिक्षापुरतेच राहिले होते.

दिवस बबलूच्या बिलांवरून धरून, तुटफूट न कापता पैसे द्यायला मॅडमनी महिन्याची मुदत दिली. अविनाशरावांनी एकोणिसाव्या दिवशी सगळ्यांना नारायण पेठेत बोलावलं. मावशी त्या दिवशी दाराजवळची पिशवी घेऊनच आली. संध्याकाळची गाडी तिनं ठरवून टाकली होती. जिन्यात गर्दी नको म्हणून मालकांनी आम्हाला खाली फुटपाथवर थांबायला सांगितलं. वर पुतण्या एकेकीच्या खात्यात पैसे टाकत होता आणि खाली एकेकीचा फोन वाजत होता. वाजला की ती किंचाळायची. शेजारचा चष्म्याचा दुकानदार दोनदा बाहेर येऊन आत गेला, तिसऱ्यांदा आला तो बाहेरच राहिला. माझा सहावा. चौतीस हजार दोनशे. मी किंचाळले नाही, पण कमलचा हात इतका दाबला की तीच ओरडली.

दहा फोन वाजले. मावशीचा वाजेना.

तिचं खातं गावाकडच्या बँकेतलं. पुतण्यानं वरून सांगितलं, पाठवलेत, येतील. अर्धा तास गेला. मावशी म्हणाली, "तुमचं झालं ना? जा आता. घरी लेकरं वाट पाहून राहिले." कुणी गेलं नाही. "अवो जा ना! माहे पैसे काय तुमी धक्का देऊन आणणार हाये?" तरी कुणी हललं नाही. ती एवढी रागावलेली मी कधी पाहिली नव्हती. तिला थांबायची सवय होती, तिच्यासाठी कुणी थांबायची नव्हती.

पुतण्या निघून गेला, आणि साडेबाराला अविनाशराव जेवायला म्हणून कुलूप लावून खाली उतरले. आम्हाला बघून थांबले. "अजून?"

"ह्यांचे यायचेत," कमल म्हणाली.

त्यांनी घड्याळ बघितलं. घराच्या दिशेनं दोन पावलं टाकली. मग परत आले आणि चष्म्याच्या दुकानाच्या पायरीवर आमच्याबरोबर उभे राहिले. बसायला म्हणून दुकानदारानं स्टूल दिलं, ते त्यांनी मावशीकडे सरकवलं. मावशी बसली नाही, तिनं त्यावर पिशवी ठेवली.

एक वाजून गेल्यावर फोन वाजला. मावशीनं तो उघडलासुद्धा नाही, माझ्या हातात दिला. "वाच."

मी मनात वाचलं आणि तिच्या कानाशी जाऊन सांगायला लागले.

"मोठ्यानं वाच वं. चोरीचे हायेत काय?"

भर नारायण पेठेत, मालकांसमोर, चष्म्याच्या दुकानदारासमोर आणि थांबलेल्या दोन स्कूटरवाल्यांसमोर मी मोठ्यानं वाचलं. खात्यात पस्तीस हजार शंभर रुपये जमा झाले आहेत.

"अठ्ठ्याहत्तर दिवसांचे?"

"अठ्ठ्याहत्तर दिवसांचे."

मावशीनं फोन घेतला, कमरेला खोचला, स्टुलावरची पिशवी उचलली आणि स्वारगेटच्या रिक्षाला हात केला. रिक्षा वळली तेव्हा ती पिशवी मांडीवर घेऊन, दोन्ही हातांनी धरून, सरळ समोर बघत बसलेली होती. आमचे अकरा जणींचे पैसे पूर्ण आले होते.